स्मिता पाटील : बारा वर्षांचा जमाखर्च

गेल्या वर्षी सहकार हे प्रकरण शिकवताना आमच्या सरांनी एके दिवशी पुस्तक मिटले, वर्गाच्या खिडक्या लावून घ्यायला सांगितल्या आणि भिंतीवर एक जुना हिंदी चित्रपट दाखवला. चित्रपटाचे नाव ‘मंथन’. सुरुवातीच्या अक्षरांतच लिहून आले की, हा चित्रपट गुजरातच्या पाच लाख शेतकऱ्यांनी सादर केला आहे. सरांनी तिथेच चित्र थांबवले आणि फळ्यावर गणित मांडले. पाच लाख सभासद, प्रत्येकाचे दोन रुपये, एकूण दहा लाख रुपये. भागभांडवल म्हणजे काय, हे तीन आठवडे ऐकूनही आमच्या डोक्यात शिरले नव्हते. ते त्या एका ओळीने शिरले. सर कन्नडमधून समजावत होते आणि मागच्या बाकांवर मराठीत कुजबुज चालली होती. आमच्या वर्गात हे रोजचेच आहे.

माझे लक्ष मात्र त्या गणितावर फार वेळ राहिले नाही. पडद्यावर बिंदू नावाची एक बाई आली. अंगावर साधे खेड्यातले कपडे, डोईवर पदर, नजर थेट आणि थोडी संशयी. आमच्या गावी पहाटे डेअरीवर दूध घालायला ज्या बायका येतात, त्यांच्या रांगेत ती उभी राहिली असती तर कोणाला परकी वाटली नसती. माझी आई त्याच रांगेत असते. दोन म्हशींच्या धारा काढते, दूध नेऊन घालते, फॅट किती लागली ते पाहून घरी येते. पासबुक बाबांच्या नावाने आहे. मला वाटले, दिग्दर्शकाने त्या गावातलीच एखादी बाई कॅमेऱ्यापुढे उभी केली असावी. तास संपल्यावर मैत्रिणीने सांगितले की, ती स्मिता पाटील. पुण्यात जन्मलेली, शिकलेली, मंत्र्यांची मुलगी.

त्या दिवसापासून स्मिता पाटीलने माझा पिच्छा सोडला नाही. मिळतील तसे तिचे चित्रपट पाहिले, वाचनालयात जे हाती लागले ते वाचले, घरच्या मोठ्यांना विचारले. मी वाणिज्य शाखेची विद्यार्थिनी. आम्हाला प्रत्येक व्यवहार दोन बाजूंनी पाहायला शिकवतात. डावीकडे नावे, उजवीकडे जमा. म्हणून तिचे चरित्रही मी त्याच पद्धतीने मांडणार आहे. समीक्षकांना ही रीत कदाचित रुक्ष वाटेल. पण ज्या सिनेमासाठी तिने आयुष्याची उमेदीची वर्षे खर्ची घातली, तो सिनेमा पैशाअभावी कसा चालला आणि कोणाच्या कष्टांवर चालला, हे कळायला मला दुसरी चांगली रीत सापडली नाही.

स्मिताचा जन्म १७ ऑक्टोबर १९५५ चा, पुण्याचा. घराणे मूळचे खानदेशातले, शिरपूरकडचे. वडील शिवाजीराव गिरधर पाटील स्वातंत्र्यसैनिक. पुढे महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळात होते. आई विद्याताई परिचारिका आणि समाजकार्य करणाऱ्या. तीन बहिणींत स्मिता मधली. घरी सत्तेचे वारे असले तरी श्रीमंतीचा थाट नव्हता. शाळेच्या वयात ती राष्ट्र सेवा दलात जात असे. सेवा दलाची कलापथके गावोगाव फिरत, चौकात, पारावर, मिळेल त्या जागी कार्यक्रम करीत. पडदा नाही, मेकअप नाही, समोर बसलेली माणसे हातभर अंतरावर. तिचे अभिनयाचे शिक्षण कोणत्या संस्थेत झाले, असे कोणी विचारले तर मी सेवा दलाकडे बोट दाखवीन. लोकांत मिसळून लोकांसारखे होण्याची तिची हातोटी तिथली आहे.

पुण्यातच फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तिथल्या मुलांत तिची ऊठबस होती आणि अरुण खोपकर यांनी १९७४ मध्ये केलेल्या ‘तीव्र मध्यम’ या पदविका-चित्रपटात तिने काम केले. विद्यार्थ्याचा चित्रपट, म्हणजे मानधनाचा प्रश्नच नाही. तिच्या वहीतली पहिली नोंद ही अशी.

त्याआधी २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले होते. तिथे स्मिता मराठी बातम्या वाचू लागली. तिच्याविषयी एक गोष्ट नेहमी सांगितली जाते. बातम्यांसाठी साडी आवश्यक आणि हिला जीन्स आवडे. मग ती जीन्सवरच घाईने साडी गुंडाळून कॅमेऱ्यापुढे बसे. गोष्ट गमतीची आहे, पण तिच्यात स्मिताचा स्वभाव दिसतो. पडद्यावर जेवढे दिसायचे तेवढे चोख दिसावे, बाकीची बाब आपली आपण ठरवावी. या बातम्यांतच श्याम बेनेगल यांची नजर तिच्यावर गेली.

बेनेगल हे जाहिरातपट आणि माहितीपट करीत करीत कथाचित्रांकडे वळलेले दिग्दर्शक. त्यांच्या सुरुवातीच्या चित्रपटांना पैसा पुरवला तो ब्लेझ या जाहिरातपटांचे वितरण करणाऱ्या कंपनीने. इथे थोडे थांबून त्या काळचा हिशेब पाहू. नेहमीच्या हिंदी चित्रपटाला मोठे नट, गाणी, वितरकांचा आगाऊ पैसा लागे. ज्याला शेतमजुराची किंवा झोपडपट्टीतल्या बाईची गोष्ट सांगायची, त्याच्या दारात वितरक उभा राहत नसे. सरकारने १९६० मध्ये फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन काढले, तेच पुढे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. त्यांचे छोटे कर्ज, एखादी धाडसी कंपनी किंवा मित्रमंडळींची वर्गणी, एवढ्यावर हा समांतर सिनेमा उभा राहिला. अशा व्यवहारात पैसा कमी पडतो तिथे माणसांचे श्रम भर घालतात. नट कमी पैशांत काम करतात, धर्मशाळेत राहतात, एकच वेष महिनाभर घालतात. ताळेबंदात हे श्रम दिसत नाहीत. स्मिता पाटीलचे भागभांडवल या सिनेमात होते, ते अशा रूपाने.

बेनेगल यांनी तिला प्रथम घेतले ते ‘चरणदास चोर’ या मुलांसाठीच्या चित्रपटात. हबीब तन्वीर यांचे छत्तीसगढी कलावंत आणि त्यांच्यात ही राजकन्या. मग आला ‘निशांत’. तो १९७५ चा. पटकथा विजय तेंडुलकरांची आणि काळ निजामी राजवटीतल्या तेलंगणाचा. जमीनदाराच्या वाड्यात सारा गाव दबलेला. आपले बीदर आणि कलबुर्गी १९४८ पर्यंत त्याच संस्थानात होते. माझ्या आजोबांकडून जहागीरदारांच्या आणि वेठीच्या ज्या हकिकती लहानपणी ऐकल्या, त्यांचे चित्र मला पहिल्यांदा त्या चित्रपटात दिसले. स्मिता त्यात जमीनदाराच्या धाकट्या भावाची बायको झाली आहे. नवऱ्याने दुसरी बाई वाड्यात पळवून आणलेली, आणि ही घरच्या घरी मुकी. संवाद थोडे, पण पाहणाऱ्याला तिच्या अंगातला संताप कळतो.

‘निशांत’ १९७६ मध्ये फ्रान्समधल्या कान महोत्सवात गेला. प्रसिद्धीसाठी पैसे नव्हते. शबाना आझमी यांनी ही आठवण पुढे अनेकदा सांगितली आहे की, बेनेगल यांनी शबाना आणि स्मिता या दोघींना उत्तम साड्या नेसून समुद्राकाठच्या रस्त्यावर फेऱ्या मारायला लावल्या. लोक वळून पाहत, थांबत, आणि मग त्यांना चित्रपटाला येण्याचे आमंत्रण दिले जाई. जाहिरात या विषयाच्या पेपरात शून्य खर्चाच्या प्रसिद्धीचे उदाहरण विचारले तर मी हेच लिहीन.

त्याच वर्षी ‘मंथन’ आला. बेनेगल यांनी गुजरातच्या दूधसंघांविषयी आधी माहितीपट केले होते. माहितीपट दाखवून माहिती मिळते, पण लोकांच्या मनात बदल व्हायचा तर गोष्ट हवी, या विचारातून कथाचित्र ठरले आणि सभासदांच्या दोन-दोन रुपयांतून ते झाले. गुजरातमधल्या एका खेड्यात मंडळी राहिली. नायिका पाहायला आलेल्या लोकांना गावच्या बायकांत बसलेली स्मिता ओळखू आली नाही, अशी हकिकत त्या चित्रीकरणाविषयी सांगतात. चित्रपटातली बिंदू ही सोसायटीच्या बाजूने उभी राहू पाहणारी बाई. परंतु ती एकटी आहे, गरीब आहे; संकटात सापडल्यावर तिचा अंगठा खोट्या तक्रारीच्या कागदावर उमटवून घेतला जातो. सहकाराचे सगळे तत्त्वज्ञान त्या एका अंगठ्यापाशी अडते. हा चित्रपट पुढे खेड्याखेड्यांत दाखवला गेला आणि तो पाहून सोसायट्या काढायला माणसे पुढे आली. सभासदांनी घातलेल्या दोन रुपयांवर असा लाभांश क्वचितच कोणाला मिळाला असेल.

१९७७ मध्ये ‘भूमिका’ आणि ‘जैत रे जैत’ असे दोन चित्रपट आले. ‘भूमिका’ला आधार होता हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मचरित्राचा. एका मराठी नटीच्या आयुष्याची गोष्ट हिंदीत. कोवळ्या वयात कमावती झालेली, घरच्यांनी तिच्या कमाईवर संसार केलेला, आणि मायेच्या शोधात एका पुरुषाकडून दुसऱ्याकडे गेलेली बाई. स्मिता तेव्हा जेमतेम बावीस-तेवीस वर्षांची, म्हणजे आपल्याकडच्या एम. कॉम.च्या विद्यार्थिनीएवढी. त्या वयात तिने अल्लड मुलीपासून थकलेल्या बाईपर्यंतची सारी वर्षे उभी केली आणि तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुरस्काराची रक्कम तिने समाजकार्यासाठी देऊन टाकली. ‘जैत रे जैत’ हा जब्बार पटेल यांचा, गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा चित्रपट. ठाकर समाजातली चिंधी ही तिची भूमिका. नवरा पसंत नाही म्हणून सरळ त्याला सोडणारी आणि मनाजोगत्या नाग्याबरोबर डोंगर चढणारी ही चिंधी पाहताना कोणाला वाटेल की, ही मुलगी कालपर्यंत दूरदर्शनवर बातम्या वाचत होती?

आता भाषांचे खाते उघडतो. आपल्या या अंकात एका बाजूने मराठी पाने आहेत आणि दुसऱ्या बाजूने कन्नड. आपल्यातले बरेच जण घरी एक, बाजारात दुसरी, वर्गात तिसरी भाषा बोलतात आणि तिन्हींत थोडे थोडे ओशाळलेले असतात. मराठी शाळेतून आलेल्या मला पहिल्या वर्षी कन्नडचा पेपर लिहिताना घाम फुटला होता. स्मिताचे खाते पाहिल्यावर मला धीर आला. ‘कोंडुरा’ ही खानोलकरांची मराठी कादंबरी; तिच्यावर बेनेगल यांनी हिंदी आणि तेलुगू असे दोन चित्रपट केले, दोन्हींत ती होती. केतन मेहता यांचा ‘भवनी भवाई’ गुजराती. मृणाल सेन यांचा ‘अकालेर संधाने’ बंगाली. अरविंदन यांचा ‘चिदंबरम’ मल्याळम. आणि आपल्या कन्नडमध्ये टी. एस. नागाभरण यांचा १९८३ चा ‘अन्वेषणे’, ज्यात गिरीश कार्नाड आणि अनंत नाग तिच्याबरोबर होते. टी. एस. रंगा यांचा ‘गिद्ध’ हिंदीत असला तरी त्याचा विषय महाराष्ट्र-कर्नाटक सीमेवरचा, यल्लम्माच्या नावाने मुली सोडण्याच्या चालीचा. जो प्रश्न दोन राज्यांच्या मध्ये पडलेला असतो, तो दोन्हीकडच्यांनी मिळून मांडावा लागतो, हे त्या चित्रपटाने दाखवून दिले.

गिरीश कार्नाड यांचा विशेष उल्लेख करायला हवा. जन्म माथेरानचा, लेखन कन्नडमध्ये. ‘निशांत’, ‘मंथन’, ‘उंबरठा’ आणि ‘अन्वेषणे’ अशा चित्रपटांत ते आणि स्मिता एकत्र आले. मराठी मुलगी आणि कन्नड नाटककार यांची ही जोडी तीन भाषांत काम करीत होती. दोघांच्या चाहत्यांपैकी कोणी त्यांना कोणत्या बाजूचे म्हणून विचारले नाही.

‘अकालेर संधाने’विषयी दोन शब्द अधिक. एक चित्रपट कंपनी १९४३ च्या बंगालच्या दुष्काळावर चित्रपट काढायला एका खेड्यात जाते, अशी ती गोष्ट. स्मिता त्यात स्मिता नावाचीच नटी झाली आहे. दुष्काळ दाखवायला आलेल्या मंडळींमुळे गावच्या बाजारातल्या वस्तू महाग होतात आणि गाव विचारू लागते की, आमच्या भुकेचे चित्र काढून तुम्ही काय कमावणार? समांतर सिनेमाने स्वतःचीच केलेली ही तपासणी आहे, आणि ती करताना स्मिताने स्वतःचे नाव पुढे केले. या चित्रपटाला १९८० चा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार आणि १९८१ मध्ये बर्लिनचा रौप्य अस्वल पुरस्कार मिळाला.

त्याच राष्ट्रीय पुरस्कारांत ‘चक्र’साठी स्मिताला दुसऱ्यांदा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. ‘चक्र’ जयवंत दळवींच्या कादंबरीवर आधारलेला, रवींद्र धर्मराज यांनी दिग्दर्शित केलेला. मुंबईच्या झोपडपट्टीतली अम्मा उभी करण्यासाठी ती स्वतः झोपडपट्ट्यांत जाऊन बसली, बायकांचे बोलणे-चालणे पाहिले. त्या चित्रपटात उघड्यावरच्या आंघोळीचे एक दृश्य आहे. ज्या बाईला आडोसाच नाही तिची ती रोजची आंघोळ. पण वितरकांनी नेमके तेच दृश्य मोठमोठ्या फलकांवर लावले. स्मिताला याचा फार राग आला आणि तो तिने मुलाखतींत बोलून दाखवला. झोपडीतल्या बाईची लाचारी दाखवायला जे केले, तेच तिकिटे खपवायला वापरले गेले. विक्रीशास्त्र शिकणाऱ्या आम्हा विद्यार्थ्यांनी हे उदाहरण विसरू नये.

१९८१ मध्येच सत्यजित राय यांनी प्रेमचंदांच्या कथेवर दूरदर्शनसाठी ‘सद्गती’ केला. दुखी चांभाराची बायको झुरिया ही स्मिता. नवऱ्याच्या मृत्यूनंतर पावसात तिने केलेला आक्रोश ज्याने पाहिला असेल, त्याला पुन्हा सांगायची गरज नाही.

यानंतर मोठ्या नटांच्या, गाण्यांच्या हिंदी चित्रपटांतही ती दिसू लागली. १९८२ मध्ये ‘नमक हलाल’ आणि ‘शक्ती’ आले. अमिताभ बच्चनबरोबरचे पावसातले गाणे आजही लग्नाच्या मिरवणुकीत वाजते. ते चित्रित झाल्यावर तिला अतिशय अवघडल्यासारखे झाले होते, असे सांगतात. अनेकांनी तिला दोष दिला की, तिने तत्त्व सोडले. तिचा खुलासा असा होता की, काही वर्षे तिने मोठ्या पैशांचे चित्रपट नाकारले आणि केवळ छोट्या सिनेमात राहिली. पण पुढे छोट्या सिनेमाचे निर्मातेही नाव असलेल्या नट्या शोधू लागले. तेव्हा नाव मिळवायचे तर तिथे जाऊनच मिळवावे लागेल, असे तिने ठरवले. आमच्या भाषेत याला नावलौकिक किंवा गुडविल म्हणतात. ते हाताला लागत नाही, तरी मालमत्तेच्या बाजूला मांडतात. एका दुकानात कमावलेला नावलौकिक तिने दुसऱ्या, तोट्यातल्या दुकानाला वापरू दिला. हा व्यवहार तिला सुखाचा गेला, असे मला वाटत नाही. पण तो लबाडीचा नव्हता. त्याच काळात तिने ‘तरंग’, ‘अर्धसत्य’, ‘मंडी’ केले, हे त्या खात्याच्या दुसऱ्या बाजूला लिहावे लागेल.

आणि १९८२ मध्येच ‘उंबरठा’ आला. दिग्दर्शन जब्बार पटेल यांचे, पटकथा तेंडुलकरांची, मूळ कादंबरी शांता निसळ यांची ‘बेघर’. सुलभा महाजन समाजकार्याचे शिक्षण घेतलेली. नवरा वकील, घर सुस्थितीत, एक लहान मुलगी. तिला दूरच्या गावी स्त्रियांच्या आधारगृहाची अधीक्षक म्हणून नोकरी मिळते आणि ती जाते. तिथला भ्रष्टाचार, बायकांचे हाल, वरिष्ठांचा दबाव यांच्याशी झगडते. शेवटी राजीनामा देऊन घरी परतते तेव्हा नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई आलेली असते. तो हे सरळ सांगतो आणि ती सरळ निघते. त्याला कुठे खलनायक केलेले नाही. गिरीश कार्नाडांनी उभा केलेला हा सभ्य, समजूतदार, हसतमुख नवरा आपल्या ओळखीचा वाटतो आणि म्हणूनच भीती वाटते.

हा चित्रपट मी आत्याकडे पाहिला. आत्याने तो लग्नाआधी पाहिला होता, असे तिने त्या दिवशी प्रथमच सांगितले. पदवीनंतर हैदराबादला जाऊन सी. ए.चे शिक्षण घ्यावे असे माझ्या मनात आहे. घरी अजून होकारही नाही आणि नकारही नाही. चित्रपट संपल्यावर आत्या उठून चहा टाकायला गेली आणि जाताना एवढेच विचारून गेली की, हैदराबादला वसतिगृहाचे किती पडतात. मी आकडा सांगितला. त्या आकड्यावर आमच्या घरात पहिल्यांदा चर्चा झाली ती त्या संध्याकाळी. सिनेमाने समाज बदलतो की नाही, यावर आपल्या वादविवाद स्पर्धेत दोन्ही बाजूंनी पुष्कळ बोलतात. मी फक्त एवढे सांगू शकते की, एका घरातला विषय त्याने बदलला.

स्मिता पडद्याबाहेरही स्त्रियांच्या चळवळीशी जोडलेली होती. मुंबईच्या विमेन्स सेंटरची ती सदस्य होती. १९८४ मध्ये माँट्रियलच्या चित्रपट महोत्सवात परीक्षक म्हणून तिला बोलावले गेले. १९८५ मध्ये पद्मश्री मिळाली. अभिनेते राज बब्बर यांच्याबरोबर तिने संसार मांडला. ते आधी विवाहित होते, मुले होती. त्यामुळे तिच्यावर टीका झाली आणि ती करणाऱ्यांत तिच्यावर प्रेम करणाऱ्या स्त्रियाही होत्या. ही नोंद मी मुद्दाम केली आहे. अवघड नोंद वगळून ताळेबंद जुळवला तर तो जुळलेला नसतो. पडद्यावर तिने ज्या बायका उभ्या केल्या त्या निर्दोष नव्हत्या. ‘अर्थ’मधली तिची कविता तर दुसऱ्या बाईचा संसार मोडणारीच होती. स्मिताही माणूसच होती, याहून अधिक न्याय मला करता येत नाही.

२८ नोव्हेंबर १९८६ रोजी तिला मुलगा झाला. बाळंतपणानंतर ती आजारी पडली आणि १३ डिसेंबर १९८६ रोजी मुंबईत तिचा मृत्यू झाला. वय एकतीस. बाळंतपण म्हणजे बाईचा दुसरा जन्म, असे आपल्याकडच्या आज्या म्हणतात. खेड्यात रात्री वाहन मिळत नाही, दवाखाना दूर, म्हणून बाया दगावतात, असे आपण समजतो. पण सगळे हाताशी असतानाही हा दुसरा जन्म तिला लाभला नाही. तिची आई परिचारिका होती, हे आठवले की मन अधिकच खिन्न होते.

तिच्या मृत्यूनंतरही कित्येक महिने तिचे चित्रपट येत राहिले. त्यांतला १९८७ चा ‘मिर्च मसाला’ सर्वांत मोठा. केतन मेहता यांचा हा चित्रपट चुनीलाल मडिया यांच्या गुजराती कथेवरून, राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या पैशांवर झाला. सुभेदाराची नजर सोनबाईवर पडते. ती पळून मिरचीच्या कारखान्यात शिरते. गाव तिला सुभेदाराच्या हवाली करायला तयार होते. दारे फुटतात तेव्हा कारखान्यातल्या बायका सुभेदाराच्या तोंडावर तिखट उधळतात. आमच्याकडे उन्हाळ्यात वर्षाचे तिखट कांडतात तेव्हा गल्लीभर खकाणा उठतो आणि पुरुष मंडळी नाक धरून घराबाहेर पळतात. ते शेवटचे दृश्य पाहताना मला तो खकाणा अंगणातून येतो आहे असे वाटले. हातात विळा घेऊन उभी असलेली सोनबाई, हे तिचे आपल्याला मिळालेले अखेरचे मोठे चित्र.

१९७४ ते १९८६ ही बारा वर्षे झाली. आता शिल्लक काढू. तिच्या जमेच्या बाजूला दोन राष्ट्रीय पुरस्कार, पद्मश्री, २०१३ मध्ये भारतीय चित्रपटाच्या शताब्दीनिमित्त निघालेले टपाल तिकीट. नावेच्या बाजूला न घेतलेले मानधन, ऐकून घेतलेले टोमणे, न जगलेली वर्षे. पण खरी शिल्लक आपल्या वहीत आहे. मे २०२४ मध्ये ‘मंथन’ची जपून दुरुस्त केलेली प्रत कान महोत्सवात दाखवली गेली. जिथे एके काळी स्मिता साडी नेसून फेऱ्या मारून प्रेक्षक गोळा करीत होती, तिथे तिचा मुलगा तिच्या चित्रपटासाठी उभा होता. पुढच्याच महिन्यात तो चित्रपट देशातल्या चित्रपटगृहांत पुन्हा लागला. पाच लाख लोकांचे दोन रुपये अजून फिरते आहेत.

शेवटी एक विनंती. १७ ऑक्टोबरला स्मिताचा जन्मदिवस येतो. त्या आठवड्यात आपल्या मराठी आणि कन्नड विभागांनी मिळून दोन दिवस दोन चित्रपट दाखवावेत. एक ‘उंबरठा’ आणि एक ‘अन्वेषणे’. मराठी मुलांनी कन्नड चित्रपटाला बसावे, कन्नड मुलांनी मराठी. पडदा आपल्याकडे आहेच, खिडक्या लावून घ्यायचे काम मी करीन.

दिवाळीच्या सुट्टीत मी आईला माझ्या मोबाईलवर ‘मंथन’ दाखवला. आई सिनेमा फारसा पाहत नाही. मध्येच धारेची वेळ झाली म्हणून उठून गेली, परत येऊन उरलेला पाहिला. अंगठ्याचा प्रसंग आला तेव्हा तिने मोबाईल हातात घेऊन जवळून पाहिला. संपल्यावर तिने मला विचारले की, ही बाई कोणत्या गावची. पुण्याची, शिकलेली, मंत्र्यांची मुलगी, असे मी सांगितले. आईने ते मानले नाही. डेअरीच्या सभासदत्वाचा कोरा अर्ज मी तिच्या नावासाठी आणून ठेवला आहे. तो अजून देवळीत, पासबुकाखाली आहे. आईला सही करता येते.

(बी. कॉम., चौथे सत्र, मराठी विभाग)